नूतनीकरणाचे तीस गुण आणि तालुक्याचा दवाखाना

तालुक्याची डॉक्टर
परवा इथे एका सदस्यांनी लिहिलं, "पाच वर्षांत तीस तास खुर्चीवर बसलं की डॉक्टरचं रजिस्ट्रेशन रिन्यू. दर पाच वर्षांनी लेखी परीक्षा घ्या, निम्मे घरी बसतील." दोन दिवस हे वाक्य डोक्यातून जात नाहीये, म्हणून सविस्तर लिहिते.

मी एमबीबीएस. बावीस वर्षं तालुक्याच्या गावी जनरल प्रॅक्टिस. महाराष्ट्र मेडिकल कौन्सिलचं नूतनीकरण चार वेळा केलंय, चारही वेळा वेळेत. ते तीस तास भरायचे सीएमईत, म्हणजे डॉक्टरांना नवं शिकवणाऱ्या व्याख्यानांत; त्या तासांचेच गुण मिळतात. सीएमई असते जिल्ह्याला, नाहीतर पुण्या-मुंबईला, आणि असते रविवारी. आमचा बाजार रविवारचा. आठवड्यातली सगळ्यात मोठी ओपीडी त्या दिवशी, वाड्यावस्त्यांवरची माणसं त्याच दिवशी गावात येतात. दाराला पाटी लावून पहाटेची एसटी धरायची आणि तिथे ऐकायचं काय, तर गुडघ्याची रोबोटिक शस्त्रक्रिया. विषय वाईट नाही, पण माझा नाही. पावसाळ्यात जमिनीवर झोपलेला माणूस पहाटे पोटात दुखतंय म्हणून येतो. अंगावर दंशाची खूण नाही, सूज नाही, फक्त पापण्या जड होत चाललेल्या. तो मण्यारीचा दंश असतो. हे मला कुठल्याही सभागृहात कळलं नाही, एका ज्येष्ठ डॉक्टरांनी रात्री फोनवर समजावलं. महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी विंचूदंशावर प्राझोसिन हे औषध वापरून जे काम केलं, ते अशाच दवाखान्यात बसून केलं. माझ्यासारखीचं ज्ञान मोजायचं तर माझ्या पेशंटवरून मोजा.

पालक_नाशिक
ते वाक्य माझं. मागे घेत नाही.
२०१६ साली माझ्या चार वर्षांच्या मुलीला ताप आला. आमच्या भागातले जुने, नावाजलेले डॉक्टर. त्यांनी नायमेसुलाइडचं औषध लिहून दिलं. बारा वर्षांखालच्या मुलांना ते द्यायला आपल्याकडे २०११ पासून बंदी आहे. औषध दुकानातल्या मुलाने चिठ्ठी पाहिली आणि हळूच म्हणाला, "काका, एकदा डॉक्टरांना परत विचारून या." मी परत गेलो. डॉक्टर म्हणाले, मी हे कित्येक वर्षं देतोय. त्यांच्या मागे भिंतीवर नूतनीकरणाचं प्रमाणपत्र फ्रेम करून लावलेलं होतं, मुदत शिल्लक असलेलं. बंदीला पाच वर्षं झाली होती! म्हणजे त्यांचे तीस गुण पूर्ण होते आणि ही एक गोष्ट त्यांच्यापर्यंत पोचली नव्हती. ताई, तुमची तळमळ खरी आहे, पण मी तुमच्याबद्दल लिहिलंच नव्हतं.

भूल_देतो
दोघंही खरं बोलताय आणि मूळ दुखणं बाजूला राहतंय. मी सीएमईच्या आयोजनात राहिलोय, म्हणून सांगतो. सकाळी नोंदणीच्या टेबलावर रांग, सही, बॅग, पेन. अकरापर्यंत हॉल भरलेला. जेवणानंतर शेवटच्या तीन रांगा रिकाम्या, आणि संध्याकाळी सहीच्या वेळी पुन्हा तीच रांग. तास हजेरीचे मोजले जातात. ज्या वक्त्याने खरंच तयारी केलेली असते, तो रिकाम्या खुर्च्यांपुढे बोलत असतो, हे पाहून मला लाज वाटते. आणि खर्च कोण करतं? औषध कंपन्या. ऑगस्ट २०२३ मध्ये राष्ट्रीय आयुर्विज्ञान आयोगाने त्यावर बंधन आणणारे नियम काढले आणि त्याच महिन्यात ते स्थगितही झाले.
परीक्षेचं मात्र पटत नाही. ब्रिटनमध्ये २०१२ पासून दर पाच वर्षांनी फेरतपासणी आहे, तीही लेखी परीक्षा नाही. दरवर्षी कामाचा आढावा, पेशंटचे आणि सहकाऱ्यांचे अभिप्राय, असं आहे ते.

एमडी_मेडिसिन
तीस तासांवरून भांडत बसा. २०१४ मध्ये कायदा बदलून होमिओपॅथीवाल्यांना सीसीएमपी या आधुनिक औषधशास्त्राच्या एक वर्षाच्या कोर्सवर ॲलोपॅथीची औषधं द्यायची मुभा दिली, त्याचं काय? मी साडेपाच वर्षं आणि वर तीन वर्षं घासली. १८ सप्टेंबर २०२५ ला आम्ही संप केला तो याचसाठी. आधी दार बंद करा, मग आतल्यांची तपासणी करा.

बीएचएमएस_वाडीवरून
दार बंद करा म्हणताय, पण दाराबाहेर कोण आहे ते पाहिलंय का कधी? आमच्या वाडीपासून सगळ्यात जवळचा एमबीबीएस एकवीस किलोमीटरवर. आरोग्य केंद्रात सक्तीच्या सेवेच्या बॉन्डवर नवी एमबीबीएस पोरं येतात, काही दहा लाख भरून मोकळी होतात. रात्री दोनला दार वाजतं ते माझं. सीसीएमपी मी चोरून केलेलं नाही, सरकारी मेडिकल कॉलेजात वर्गात बसून केलंय, परीक्षा देऊन.

एमडी_मेडिसिन
रात्री दार उघडलं म्हणून औषधशास्त्र येत नाही. तुमच्यासारख्यांनी स्टेरॉइड दिलेले पेशंट महिन्याला दोन तरी माझ्याकडे येतात. कुणाचं पोट फुटलेलं, कुणाची साखर चारशे. निस्तरायचं आम्ही.

बीएचएमएस_वाडीवरून
"तुमच्यासारख्यांनी" हा शब्द मागे घ्या. मी स्टेरॉइड दिलेला एक पेशंट दाखवा. वर पालकांनी सांगितलेले नायमेसुलाइडवाले डॉक्टर होमिओपॅथ होते का?

पालक_नाशिक
नव्हते. एमबीबीएस, डीसीएच, म्हणजे बालरोगाचा डिप्लोमा घेतलेले.

एमडी_मेडिसिन
बरं, "तुमच्यासारख्यांनी" मागे घेतो. बाकी एक अक्षरही नाही. वर्षभराच्या कोर्सने डोस पाठ होतो, कुठे थांबायचं ते वॉर्डात रात्री काढल्यावर कळतं.

तालुक्याची डॉक्टर
वाडीवरच्या डॉक्टरांना एकच विचारते, रागावू नका. तुम्ही आता इतकी वर्षं ही औषधं देताय, तर दर पाच वर्षांनी तुमचं काय शिकून झालं, काय राहिलं, हे कुणी पाहतं का? मला तेच हवंय, तुमच्यासाठी आणि माझ्यासाठीही.

बीएचएमएस_वाडीवरून
कुणी नाही पाहत. पाहिलं तर मला हवंच आहे. फक्त तपासणारा माझी वाडी पाहून गेलेला हवा.

तालुक्याची डॉक्टर
पालकांचं मला मान्य करावं लागतंय, आणि जड जातंय. नायमेसुलाइडची बंदी मला वेळेत कळली ती एका एमआरमुळे, म्हणजे औषध कंपनीच्या प्रतिनिधीमुळे, सीएमईमुळे नव्हे. तो त्या आठवड्यात आलाच नसता तर? परीक्षेला मी बसेन. पण प्रश्नपत्रिकेत मण्यार हवी, बाळंतपणानंतरचा रक्तस्राव हवा, बंदी आलेल्या औषधांची यादी हवी, आणि केंद्र तालुक्याला हवं. रविवार सोडून कुठलाही वार चालेल.

पालक_नाशिक
वार तुम्ही ठरवा. बंद औषधांचा प्रश्न मात्र सक्तीचा ठेवा.