तीन डुकरांतील दोन वाचवली, हे योग्य झाले का?

चर्चाप्रस्ताव
जोसेफ जेकब्ज यांच्या १८९० च्या संग्रहातील इंग्रजी लोककथेत पहिली दोन डुकरे लांडग्याच्या पोटात जातात आणि तिसरे त्या लांडग्यालाच शिजवून खाते. १९३३ साली डिस्नेच्या स्टुडिओने बर्ट जिलेट यांच्या दिग्दर्शनाखाली केलेल्या ‘थ्री लिटल पिग्ज’ या रंगीत कार्टून लघुपटात मात्र गवताची आणि काटक्यांची घरे झटपट उभारून नाचत बसलेले दोघेही धावत भावाच्या विटांच्या घरात पोहोचतात आणि लांडगाही नुसता भाजून पळ काढतो. माझ्या मते इथे कथेचा कणाच काढून घेतला आहे. आळसाची किंमत धाप लागण्यापलीकडे नसेल, तर विटा रचणाऱ्याच्या कष्टांना वजन कुठून येणार? याउलट लोटे रायनिगर यांनी १९२२ मध्ये जर्मनीत कात्रीने कापलेल्या छायाकृतींतून सिंड्रेलाची कथा सांगितली, तेव्हा बूट बसावा म्हणून स्वतःचा पाय कापणारी सावत्र बहीण त्यांनी ग्रिम बंधूंच्या कथेतून जशीच्या तशी घेतली.

प्रतिसाद १
मी असहमत आहे. सावलीला चेहरा नसतो, म्हणून तो पाय कापलेला आपण पाहू शकतो. डोळे विस्फारून थरथरणाऱ्या गुबगुबीत डुकराच्या बाबतीत ते सोसले नसते. शिवाय तिघेही दिसायला जवळजवळ सारखे असूनही, थापीने चुना लावणारा कोण आणि बासरी व फिडल घेऊन नाचणारे कोण, हे नुसत्या चालण्यावरून कळते. अ‍ॅनिमेशनमध्ये स्वभाव दिसू लागला तो अशाच कामातून, आणि त्यासाठी ती दोघे शेवटपर्यंत पडद्यावर असणे गरजेचे होते. अखेरीस विटांचे घर बांधणारा भाऊ पियानोवर टकटक करतो आणि दोघे झटकन पलंगाखाली शिरतात. त्यांची भीती गेलेली नाही, हे त्या एका टकटकीत कळते.

प्रतिसाद २
मृत्यू लपवला आहे, हेही खरे नाही. विटांच्या घरातील भिंतीवर चौकटीत सॉसेजची माळ आहे आणि खाली लिहिले आहे, ‘फादर’.

प्रस्तावकर्ता
पलंगाखाली शिरण्याचा मुद्दा मला मान्य आहे. त्या प्रसंगाचा मी या अंगाने विचार केला नव्हता. पण ती चौकट माझ्याच बाजूने बोलते. डुक्कर खाल्ले जाते, हे निर्मात्यांना पक्के ठाऊक होते, तरीही ते त्यांनी वडिलांच्या वाट्याला दिले, ज्यांना आपण जिवंत कधी पाहिलेच नाही.