चिशू ऱ्यू: हेल गावाकडचा, तरी बोलपटात नाव कसं झालं?

फिल्मवेडी:
सध्या जपानी दिग्दर्शक ओझूचे सिनेमे लागोपाठ बघतेय. टोकियो स्टोरीतले आजोबा, चिशू ऱ्यू, तेव्हा पन्नाशीचेही नव्हते हे वाचून उडालेच. बोलण्यातला कुमामोतोकडचा (त्यांचं गाव तिकडे, जपानच्या दक्षिणेला) हेल म्हणे जन्मभर गेला नाही. मग बोलपट आल्यावर अशा नटाची गाडी अडायला हवी होती ना, त्यांची तर तेव्हाच सुरू झाली. जाणकार सांगा प्लीज.

जुनं_रीळ:
मूकपटात त्यांचं नाव झालेलंच नव्हतं हो. जन्म १९०४ चा, बौद्ध मंदिरातल्या पुजाऱ्याचा मुलगा, तोयो विद्यापीठात भारतीय तत्त्वज्ञान (हो, आपलंच!) शिकायला गेला आणि ते सोडून १९२५ मध्ये शोचिकू या फिल्म कंपनीच्या कामाता स्टुडिओत शिरला. पुढची दहाएक वर्षं बारीकसारीक रोल. शिवाय तिकडे टॉकी हळूहळूच आली, कारण पडद्याशेजारी उभं राहून सगळ्या पात्रांचे आवाज काढणारे बेन्शी भयंकर लोकप्रिय होते, त्यामुळे १९३१ मध्ये दिग्दर्शक गोशोचा बोलपट गाजला तरी मूकपट पुढे काही वर्षं निघतच राहिले. ओझू तर १९३६ पर्यंत थांबला.

अनुजा_प:
त्याच १९३६ चा द ओन्ली सन बघ गं, उत्तर त्यात आहे. खेड्यातला मास्तर मोठ्या उमेदीने टोकियोला जातो आणि शेवटी तोन्कात्सु (डुकराच्या मांसाचे कटलेट) तळत बसतो. तो मास्तर झालेले ऱ्यू तेव्हा ३२ चे! सफाईदार शहरी आवाजाच्या नटाकडून तो हरलेला मास्तर इतका खरा वाटलाच नसता, हे माझं ठाम मत. आणि शूटिंग कुठे, तर रिकाम्या कामातात. कारखान्यांच्या आवाजामुळे कंपनी ओफुनाच्या नव्या स्टुडिओत गेलेली, पण ओझूने जुना कॅमेरामन मोहारा याला त्याचीच साउंड सिस्टीम वापरायचा शब्द दिलेला, मग ट्रेनचा आवाज नको म्हणून रात्री-रात्री काम केलं.

जुनं_रीळ:
+१. त्यापुढे १९४२ चा देअर वॉज अ फादर, ओझूकडे पहिला मुख्य रोल. मोठ्या झालेल्या मुलाचं काम करणारा शूजी सानो त्यांच्याहून जेमतेम आठ वर्षांनी लहान, तरी एकदाही खटकत नाही. प्रिंटचा साउंड खराब आहे, खरखर खूप, पण हेडफोन लावून ऐकाच, म्हातारपण मेकअपपेक्षा त्या संथ, सपाट बोलण्यातून येतं.

फिल्मवेडी:
खूप आभार दोघांचे! ओन्ली सन आज रात्रीच लावते. नंतरचं काही सुचवाल?

अनुजा_प:
तोरा-सान या भटक्या विक्रेत्याच्या विनोदी मालिकेतले सिनेमे. १९६९ पासून देवळातले पुजारी तेच, १९९३ मध्ये गेले तोवर.