मदत हवी आहे: मार्सेल दालियोवर वीस मिनिटं बोलायचंय, कुठले सीन दाखवू?

मंडळी, आमच्या फिल्म क्लबात पुढच्या महिन्यात मला मार्सेल दालियो या जुन्या फ्रेंच नटावर बोलायचंय, वेळ वीसच मिनिटं आणि क्लिप्स पण त्यातच बसवायच्या. नाव नसेल माहीत, पण चेहरा बघितलाय तुम्ही. 'कॅसाब्लांका'त कॅप्टन रेनो इथे जुगार चालतो म्हणून रिकचा कॅफे बंद करतो आणि तेवढ्यात एकजण येऊन त्याच्याच हातात जिंकलेले पैसे ठेवतो ना, तो हा. टायटल्समध्ये नावसुद्धा नाही.

आणि हाच माणूस १९३७ साली दिग्दर्शक जाँ रेन्वारच्या 'ला ग्रांद इल्युजियाँ'त रोझेन्थाल होता, १९३९ च्या 'ला रेग्ल द्यु जू'त तर अख्ख्या हवेलीचा मालक, मार्की. ज्यू नटाला सरदार केलं म्हणून तेव्हा पॅरिसमध्ये लोकांनी नाकं मुरडली होती. जून १९४० मध्ये जर्मन यायच्या आत तो बायकोला, मादलेन लबोला घेऊन निघाला, लिस्बन गाठलं, चिलीचे व्हिसा मिळवले ते खोटे निघाले, मेक्सिकोत अडकले, मग कॅनडामार्गे अमेरिका. इकडे नाझींनी त्याचाच फोटो पोस्टरवर छापला, ज्यू कसा दिसतो ते दाखवायला. ('कॅसाब्लांका'त मार्सेयेज (फ्रान्सचं राष्ट्रगीत) गाताना जिचे डोळे भरून येतात ती मादलेनच.)

आता अडचण अशी की मला 'ला रेग्ल द्यु जू'मधला ऑर्गनचा शॉट कापवत नाहीये. मार्की पाहुण्यांना आपला नवा यांत्रिक ऑर्गन दाखवतो आणि बाजूला उभा राहतो, चेहऱ्यावर अभिमान, संकोच, लहान मुलासारखा आनंद सगळं एकदम, तोंडातून शब्द नाही. पण तो आधी दाखवून मग 'कॅसाब्लांका' लावू की उलटं? पोस्टरची गोष्ट आधी सांगितली तर लोक बिचारा म्हणूनच बघणार, त्याचं काम कोणी बघणार नाही, आणि मला तर त्याचं कामच दाखवायचंय.

तिसरी क्लिप एकच बसेल. १९४४ च्या 'टू हॅव अँड हॅव नॉट'मधला हॉटेलवाला घेऊ, की १९७३ च्या 'राबी जाकोब'मधला म्हातारा खराखुरा राबी (ज्यू धर्मगुरू)? मन राबीकडे ओढतंय, पोस्टरवरचा तोच चेहरा ३० वर्षांनी फ्रेंच लोकांना खळखळून हसवतोय. पण त्या विनोदी सिनेमातला एक तुकडा नुसता काढून दाखवला तर पोचेल का? ज्यांनी बघितलाय त्यांनी प्लीज सांगा, आणि त्यातला नेमका कुठला सीन घेऊ तेही.