मदत हवी आहे: दादाच्या वजनासाठी पुण्यात नक्की कोणाला दाखवू?

नमस्कार मंडळी, आम्ही कोथरूडला राहतो. दादा 42 वर्षांचा, उंची 165 सेंमी, वजन 98 किलो, म्हणजे बीएमआय (उंचीच्या मानाने वजनाचा आकडा) 36 आणि आपल्या भारतीयांना 25 च्या पुढेच लठ्ठपणा धरतात. सोनोग्राफीत फॅटी लिव्हर आलंय, जिना चढताना गुडघे दुखतात, पण मला खरी भीती झोपेची वाटते. इतका घोरतो की भिंतीपलीकडे ऐकू येतं, मधेच एकदम शांत, दहा-बारा सेकंद श्वासच नाही आणि मग दचकून उठतो. वहिनी रात्रभर त्याला कुशीवर वळवत बसते. परवा तर कर्वे रोडला सिग्नलवर गाडीवरच डुलकी लागली त्याला!

मान पण काळी पडलीय. आई म्हणते नीट घासत नाहीस, पण तो मळ नाहीये, इन्सुलिन नीट काम करत नसलं की असं होतं म्हणे.

ज्यांना दाखवलं ते म्हणाले भात बंद करा, चाला. अहो, डब्ल्यूएचओ लठ्ठपणाला आजार म्हणतं आणि इथे अजून आळशीपणाच!

तर आधी एंडोक्रायनोलॉजिस्ट (हार्मोन्सचे डॉक्टर) की थेट स्लीप स्टडी, म्हणजे झोपेतल्या श्वासाची तपासणी? घरी मशीन लावून करतात ती कोणी केलीये का, खर्च किती? वजन कमी करायला आठवड्यातून एकदा घेतात त्या इंजेक्शनचा अनुभव असेल तर तोही सांगा, बंद केल्यावर वजन परत वाढलं का? घरगुती काढे प्लीज नकोत, आत्याने पाठवलेले तीन डबे पडून आहेत.