मदत हवी आहे: भावाच्या लायब्ररीत असलेला गेम माझ्या लायब्ररीत का दिसत नाही?

नमस्कार मंडळी,

प्रश्न लांबलचक आहे, पण सगळं नीट सांगितल्याशिवाय घोळ कळणार नाही, म्हणून सविस्तर लिहितेय.

मी आणि माझा धाकटा भाऊ वेगवेगळ्या देशांत राहतो. दोघांकडे एकाच कंपनीचा कन्सोल, त्याच सेवेचं सबस्क्रिप्शन, आणि दोघांचाही प्लॅन सगळ्यात वरचा. दर रविवारी दोन तास आम्ही ऑनलाइन एकत्र खेळतो. फोनवर आमचं बोलणं "बरी आहेस ना", "हो, तू?" याच्यापुढे सरकत नाही. खेळताना मात्र तो सगळं सांगतो, नोकरीतलं टेन्शन, झोप न लागणं, काहीही. हातात कंट्रोलर असला की त्याला बोलणं सोपं जातं. म्हणून ते दोन तास मी सहसा चुकवत नाही.

गेल्या महिन्यात त्याला लायब्ररीत एक नवीन गेम सापडला. एकट्यानेही खेळता येतो, पण खरी मजा दोघांनी मिळून खेळण्यात. तीन प्रकरणं एकट्याने संपवून तो म्हणाला, "ताई, आता पुढचं तुझ्याबरोबरच." मी माझ्या लायब्ररीत शोधलं, तर नावच नाही. आधी वाटलं स्पेलिंग चुकलं. मग साइन आउट करून परत साइन इन केलं, कन्सोल रीस्टार्ट केला, भाषा बदलून पाहिली. काही उपयोग नाही. त्याने त्याच्या स्क्रीनचा फोटो पाठवला. तोच प्लॅन, तेच पान, आणि वरून दुसऱ्याच ओळीत तो गेम. माझ्याकडे त्या जागी कुठलातरी रेसिंगचा गेम आहे.

मदत केंद्राला विचारलं तर "उपलब्धता प्रदेशानुसार बदलू शकते" एवढंच उत्तर आलं. पण प्रदेश म्हणजे नक्की कुठला? माझं अकाउंट मी आधी ज्या देशात राहत होते तिथलं आहे. कन्सोल मी आता राहते तिथे घेतला. भाऊ तिसऱ्याच देशात. यातलं काय धरलं जातं? एकच कंपनी, एकच प्लॅन, तर मग याद्या वेगळ्या ठेवायचं कारण काय? आणि मुख्य म्हणजे आठ वर्षांचे सेव्ह (खेळात साठवलेली प्रगती) आणि ट्रॉफ्या न गमावता मला यातून मार्ग काढता येईल का? वर्षाचं सबस्क्रिप्शन तीन आठवड्यांत आपोआप रिन्यू होणार आहे, त्याआधी ठरवायचं आहे.

सेवेचं नाव मुद्दाम लिहिलेलं नाही. उत्तरं सगळ्यांबद्दल आली तर इतरांनाही उपयोगी पडतील.

प्रतिसाद १

तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर बहुतेक ठिकाणी एकच: अकाउंटचा देश. कन्सोल कुठे विकत घेतला याला आजकाल फारसा अर्थ नाही, लायब्ररी अकाउंटच्या मागे चालते. तुम्ही जुन्या देशाचं अकाउंट वापरताय, त्यामुळे तुम्हाला दिसतेय ती यादी तुमच्या आधीच्या देशाची आहे. आताच्या देशाचीही नाही आणि भावाच्याही देशाची नाही.

तो देश बदलता येतो का, हे मात्र प्रत्येकाचं वेगळं. प्लेस्टेशनवर अकाउंट उघडताना निवडलेला देश कायमचा, हा सोनीचा जुना नियम. दुसरा देश हवा तर दुसरं अकाउंट उघडा. एक्सबॉक्सवर मायक्रोसॉफ्ट अकाउंटचा देश बदलता येतो, पण खात्यात शिल्लक असलेले पैसे नव्या देशात येत नाहीत, म्हणून आधी ते संपवायचे. निन्टेंडोचं सगळ्यात सुटसुटीत, शिल्लक शून्य असली की प्रोफाइलमध्ये जाऊन देश बदलता येतो. त्यांच्या स्विच ऑनलाइन या सबस्क्रिप्शनमध्ये जुन्या गेम्सची जी ॲप्स मिळतात त्यात जपानचं फॅमिकॉमचं (निन्टेंडोच्या जुन्या कन्सोलचं) ॲप वेगळं आहे आणि त्यातली यादीही वेगळी. ते ॲप जपानच्या अकाउंटवरून उतरवून आपल्या नेहमीच्या मेंबरशिपवर खेळणारे कितीतरी लोक आहेत.

क्लाउडचा, म्हणजे गेम न उतरवता इंटरनेटवरून खेळण्याचा, नियम निराळा. तिथे तुम्ही त्या क्षणी कुठे बसला आहात ते बघितलं जातं, कारण सेवा ठरावीक देशांतच सुरू असते.

प्रतिसाद २

मलाही हाच प्रश्न पडला होता. वाचतोय. एक सुचवतो: स्टोअरचं वेबपान ब्राउझरमध्ये उघडा. पत्त्यात भाषा आणि देश यांची एक छोटी जोडी असते. तिथला देश बदलून तेच पान पुन्हा उघडलं की त्या देशात तो गेम विकतात का, सबस्क्रिप्शनमध्ये आहे का, हे लॉग इन न करताही दिसतं.

प्रतिसाद ३

"कारण काय" याचं उत्तर मी देतो, कारण लोक हे कंपनीच्या लहरीवर ढकलतात आणि ते मला पटत नाही.

सेवा चालवणारी कंपनी बहुतेक गेम्सची मालक नसते. ती प्रकाशकाकडून ठरावीक मुदतीसाठी, ठरावीक देशांसाठी हक्क घेते. मेख अशी की एकाच गेमचा प्रकाशक प्रत्येक देशात एकच असेल असं नाही. 'द विचर ३' जपानमध्ये स्पाइक चुनसॉफ्टने आणला. 'कॉल ऑफ ड्यूटी'चे २००९ च्या आसपासचे भाग तिथे स्क्वेअर एनिक्सने प्रकाशित केले, बाकी जगात ते ॲक्टिव्हिजनचे. आता असा गेम जगभराच्या लायब्ररीत आणायचा तर दोन टेबलांवर बोलणी करावी लागतात. एकीकडे जमलं, दुसरीकडे नाही, की यादी फुटली. गेममध्ये गाणी, खऱ्या गाड्या किंवा खऱ्या खेळाडूंची नावं असतील तर त्यांचे करार आणखी वेगळे.

दुसरं कारण वयाचं प्रमाणपत्र. उत्तर अमेरिकेत ईएसआरबी, युरोपात बऱ्याच ठिकाणी पेगी, जर्मनीत यूएसके, जपानमध्ये सेरो. प्रत्येकाचं मोजमाप निराळं. 'द कॅलिस्टो प्रोटोकॉल'चं उदाहरण घ्या. सेरोचं प्रमाणपत्र मिळेना आणि त्यासाठी गेममध्ये कापाकापी करायची निर्मात्यांची तयारी नव्हती, म्हणून २०२२ च्या ऑक्टोबरमध्ये जपानमधलं प्रकाशनच रद्द झालं. पुढे वर्षभरात, २०२३ च्या ऑक्टोबरमध्ये, तो प्लेस्टेशन प्लसच्या त्या महिन्याच्या गेम्समध्ये आला. जिथे गेम विकलाच जात नाही, तिथे तो सबस्क्रिप्शनमध्ये कुठून येणार?

तेव्हा आधी बघा, तुमच्या देशात तो गेम अजिबातच नाही, की विकत मिळतो पण फक्त सबस्क्रिप्शनमध्ये नाही. पुढचा सगळा मार्ग त्यावर ठरतो.

धागाकर्ती

सगळ्यांचे मनापासून आभार. अकाउंटचा देश धरला जातो हे कळल्यावर अर्धा गुंता तिथेच सुटला.

काल रात्री लॅपटॉपवर दोन खिडक्या शेजारी शेजारी उघडून बसले. डावीकडे माझ्या अकाउंटच्या देशाचं पान, उजवीकडे भावाच्या. दोन्हीकडे तेच चित्र, तोच मजकूर, तीच प्रकाशनाची तारीख. फरक फक्त किमतीखालच्या एका ओळीचा. उजवीकडे सबस्क्रिप्शनचं चिन्ह आहे, डावीकडे ती जागा कोरी आणि नुसतं खरेदीचं बटण. महिनाभर मी त्या कोऱ्या जागेचा अर्थ शोधत होते. म्हणजे प्रमाणपत्राची अडचण नाही, हक्कांचीच असणार.

आता दोन वाटा दिसतात. भावाच्या देशाचं दुसरं अकाउंट उघडून सबस्क्रिप्शन तिकडून घ्यायचं, किंवा हा एकच गेम विकत घ्यायचा. पहिलीत मला सेव्हची भीती वाटते. कोणी केलंय का असं?

प्रतिसाद ४

केलंय, आणि दोन वर्षं निभावलंय, पण डोळे उघडे ठेवून करा.

प्लेस्टेशनचं सांगतो. एका कन्सोलवर दोन अकाउंट्स ठेवता येतात. नव्या अकाउंटवर सबस्क्रिप्शन घेऊन 'कन्सोल शेअरिंग आणि ऑफलाइन प्ले' सुरू केलं की त्याच कन्सोलवर तुमच्या जुन्या अकाउंटनेही ते गेम खेळता येतात. सेव्ह आणि ट्रॉफ्या जुन्याच अकाउंटवर जमा होतात. ऑनलाइन एकत्र खेळणंही चालतं. क्लाउडवर सेव्ह ठेवण्याची सोय मात्र ज्याच्या नावावर सबस्क्रिप्शन त्यालाच, म्हणजे तुमचे आठ वर्षांचे सेव्ह नुसत्या कन्सोलवर उरतील. आणि ही शेअरिंगची सोय एका अकाउंटला एकाच पीएस५ वर मिळते.

आता खरा खड्डा. गेमची प्रत्येक प्रादेशिक आवृत्ती वेगळी असू शकते. प्रॉडक्ट कोडची पहिली दोन अक्षरं बघा: यूपी म्हणजे अमेरिका, ईपी युरोप, जेपी जपान, एचपी आशिया. त्यापुढे पीएस४ साठी सीयूएसए आणि पीएस५ साठी पीपीएसए असा क्रमांक असतो. हा क्रमांक वेगळा असेल तर कन्सोलच्या लेखी तो गेमच वेगळा. एका आवृत्तीचा सेव्ह दुसरीला सापडत नाही, आणि एका देशात घेतलेला डीएलसी (गेमचा जादा भाग) दुसऱ्या देशाच्या गेमला लागत नाही. मी असाच एका मोठ्या गेमचा जादा भाग जुन्या अकाउंटवर घेऊन बसलो, मूळ गेम नव्या अकाउंटच्या देशाचा. तो भाग कधी उघडलाच नाही. चूक माझीच, कोड न बघता घेतला.

शिवाय नव्या अकाउंटला पैसे भरायला त्या देशाचं कार्ड लागतं किंवा वॉलेट कोड घ्यावे लागतात. खोटं ठिकाण दाखवणाऱ्या युक्त्या तर करूच नका. त्या अटींच्या विरुद्ध आहेत, आणि अकाउंटवर बंदी आली तर आठ वर्षांवर पाणी सोडावं लागेल.

प्रतिसाद ५

विषय निघालाच आहे तर देश बदलू पाहणाऱ्या सगळ्यांसाठी एक गोष्ट. "सगळ्यात वरचा प्लॅन" सगळीकडे सारखा नसतो. प्लेस्टेशन प्लसची २०२२ च्या मे-जूनमध्ये नवी मांडणी झाली, तेव्हा स्ट्रीमिंग (गेम न उतरवता इंटरनेटवरून खेळणं) असलेल्या देशांत वरचा प्लॅन प्रीमियम झाला आणि नसलेल्या देशांत डीलक्स. पीएस३ चे गेम पीएस५ वर फक्त स्ट्रीमिंगनेच चालतात, कारण पीएस३ चा सेल प्रोसेसर फार वेगळ्या बांधणीचा होता. म्हणून डीलक्समध्ये पहिला प्लेस्टेशन, पीएस२ आणि पीएसपीचे (सोनीच्या हातात धरायच्या कन्सोलचे) जुने गेम मिळतात, पीएस३ चं दालन मात्र नाहीच.

यादीत नाव सारखं दिसलं तरी आवृत्तीवर लक्ष ठेवा. त्याच वर्षी आशियात सेवा सुरू झाली तेव्हा पहिल्या प्लेस्टेशनचे काही गेम युरोपच्या ५० हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला ५० वेळा चित्र बदलणाऱ्या, आवृत्तीत आले. ६० ऐवजी ५०, म्हणजे वेग जवळजवळ एक षष्ठांश कमी. लहानपणी हजारदा मारलेली उडी बोटांच्या हिशेबाने मारावी आणि पात्र अजून हवेतच असावं, असं व्हायचं. ओरड झाल्यावर पुढे ६० हर्ट्झचे पर्याय आले. निन्टेंडोने २०२१ मध्ये एन६४ (निन्टेंडो ६४ या जुन्या कन्सोल) चे गेम युरोपात आणताना ६० हर्ट्झच मूळ धरलं आणि ५० ची आवृत्ती काही गेम्सना वेगळा पर्याय म्हणून दिली. तेच बरोबर होतं असं माझं मत.

प्रतिसाद १

धागाकर्ती, माझं ऐकाल तर एका गेमसाठी दुसरा संसार मांडू नका. विकत घ्या. भावाची सबस्क्रिप्शनची प्रत आणि तुमची विकतची प्रत ऑनलाइन एकमेकांना भेटायला सहसा अडचण येत नाही, पण घेण्याआधी गेमच्या पानावर तेवढं तपासा. आणि सेव्ह कोणाच्या बाजूला राहतो तेही बघा. दोघांच्या गेम्समध्ये तो बहुतेक वेळा बोलावणाऱ्याकडे असतो.

धागाकर्ती

घेतला. आपोआप रिन्यू होणंही तूर्त बंद करून ठेवलं. मुदत संपेपर्यंत लायब्ररी चालू राहील, आणि तोवर माझ्या आताच्या देशाची यादी एकेक गेम धरून बघणार आहे. त्यात आमच्या दोघांचे किती जुळतात ते मोजून मगच ठरवेन. आधी हे केलं असतं तर महिना वाया गेला नसता.

काल रविवार होता. भावाने त्याच्या सेव्हमधून मला बोलावलं. पहिल्यांदा निमंत्रण आलंच नाही, कारण माझ्याकडचा अपडेट उतरायचा राहिला होता. वीस मिनिटं तो थांबला आणि तेवढ्यात त्याने ऑफिसमधली एक गोष्ट सांगितली, जी दोन आठवडे मनात ठेवून होता. मग स्क्रीन उजळली आणि चौथ्या प्रकरणाच्या सुरुवातीला, त्याच्या पात्राच्या शेजारी माझं पात्र उभं होतं.

एकच शंका उरलीय. आम्ही त्याच्या सेव्हमध्ये खेळतोय. महिन्या-दोन महिन्यांनी तो गेम त्याच्या लायब्ररीतून गेला तर मला तिथून पुढे माझ्या प्रतीत एकटीला चालू ठेवता येईल का, की पहिल्यापासून खेळावं लागेल? अशा गेम्सचा कोणाला अनुभव असेल तर नक्की लिहा.