नाँतेर म्हणजे फक्त १९६८ का?

आडवाट
मे ६८ चा, म्हणजे फ्रान्समधल्या विद्यार्थी-कामगार उठावाचा, विषय निघाला की नाँतेरच्या वाट्याला एकच वाक्य येतं, "ठिणगी तिथे पडली." पुढच्या वाक्यात गाडी थेट सॉर्बोनला, पॅरिसमधल्या जुन्या विद्यापीठात. मला हे फार दिवस खटकतंय, म्हणून हा धागा.

नाँतेर हे पॅरिसच्या पश्चिमेचं उपनगर. सॉर्बोनमध्ये पाय ठेवायला जागा उरली नाही आणि इथे वायुदलाच्या कोठारांची जमीन सरकारच्या हातात होती, म्हणून १९६४ मध्ये चिखलातच साहित्य शाखेचे वर्ग सुरू झाले. कॅम्पसशेजारी ला फोली नावाची 'बिदोंव्हील' होती. बिदों म्हणजे पत्र्याचा डबा. पत्रे, फळ्या, डांबरी कागद यांनी उभारलेल्या खोल्या, त्यात बहुतेक अल्जेरियन मजूर आणि त्यांची कुटुंबं. पुरुष बांधकामावर नाहीतर मोटारींच्या कारखान्यात. पाण्याला रांग. रात्रीतून कुणी खोली वाढवली तर पाडायला पोलिसांचं वेगळं पथकच होतं.

आता तारीख बघा, १७ ऑक्टोबर १९६१. विद्यापीठ यायला अजून तीन वर्षं होती. अल्जेरियाचं फ्रान्सविरुद्ध स्वातंत्र्ययुद्ध चालू होतं. अल्जेरियनांवर लादलेल्या रात्रीच्या संचारबंदीविरुद्ध या वस्त्यांतून लोक बायकापोरांना घेऊन, ठेवणीतले कपडे घालून पायी पॅरिसकडे निघाले. हातात काही नाही. नइयीच्या पुलावर पोलिसांनी अडवून गोळ्या झाडल्या. पुढे शहरभर मारझोड, हजारोंची धरपकड, कित्येकांना सेन नदीत फेकलं. पोलीसप्रमुख मोरीस पापों. सरकारने तेव्हा मान्य केलेले मृत तीन. इतिहासकारांचे आकडे कित्येक डझनांपासून दोनशेपर्यंत जातात.

नाँतेरचा इतिहास सांगायचा तर या रात्रीपासून सांगा. विद्यापीठ हे त्यातलं नंतरचं एक प्रकरण.

उलटतपासणी
आडवाट, तळमळ पोचली, निष्कर्ष मान्य नाही. विद्यापीठ काढून टाका, नाँतेरसारखी दहा उपनगरं पॅरिसभोवती सापडतील. बिदोंव्हील शांपिन्यीला होती, नुआझी-ल-ग्राँला होती. लोक नाँतेरच का लक्षात ठेवतात?

कारण जे घडलं ते तिथेच घडू शकत होतं. १९६४ ला साधारण दोन हजार विद्यार्थी, ६८ पर्यंत बारा हजारांच्या आसपास. कॅफे नाहीत, धड रस्ते नाहीत. समाजशास्त्र शिकवायला आँरी लफेव्र आणि आलँ तुरेन, आणि शिकवताना खिडकीबाहेर झोपड्या. असा वर्ग जगात किती ठिकाणी भरला असेल?

पोहण्याच्या तलावाचा किस्सा ऐकला असेलच. जानेवारी ६८ मध्ये युवक खात्याचे मंत्री मिसोफ तलाव बघायला आले. दानिएल कोन-बेंदित या विद्यार्थी नेत्याने विचारलं, तुमच्या तरुणांवरच्या जाडजूड अहवालात लैंगिक प्रश्नांवर एक अक्षर नाही, असं कसं? मंत्री म्हणाले, तसा त्रास असेल तर तलावात उडी मार. सत्तेची ही भाषा. मग मार्चमध्ये व्हिएतनाम युद्धाविरोधात अमेरिकन एक्सप्रेसच्या काचा फुटल्या, अटका झाल्या, आणि २२ तारखेला १४२ जणांनी प्रशासकीय इमारतीच्या आठव्या मजल्यावरची सभागृहाची खोली ताब्यात घेतली. २ मेला विद्यापीठ बंद केलं, म्हणून दुसऱ्या दिवशी सगळे सॉर्बोनला. ठिणगी म्हणा की आणखी काही, चूल तिथलीच होती.

तोंडीलावणं
एवढं सगळं आणि ब्रियोश विसरलात? वडीच्या आकाराच्या त्या गोडसर पावाला फ्रान्सभर 'ब्रियोश नाँतेर' म्हणतात. माझ्यापुरता इतिहास तिथून सुरू होतो.

आडवाट
@उलटतपासणी, खिडकीतून दिसत होतं, कबूल. पण १४२ जणांची मागणी काय होती? अटकेतले साथी सोडा. त्याआधीच्या वर्षी मुलींच्या वसतिगृहात मुलांना जाऊ द्या. मागण्या चुकीच्या नव्हत्या, पण कुंपणापलीकडच्या नळाचं नाव त्यात पहिलं नव्हतं. आणि पोरं कुठली? पश्चिम पॅरिसची. सोळावा, सतरावा विभाग, नइयी. म्हणजे शहरातल्या सर्वांत सधन घरांची मुलं सर्वांत गरीब वस्तीशेजारी उतरत आणि संध्याकाळी परत जात.

गंमत म्हणजे गाव १९३५ पासून कम्युनिस्टांचं. आणि ३ मे ६८ ला कम्युनिस्ट पक्षाच्या 'ल्युमानिते' या दैनिकात जॉर्ज मार्शेंनी या पोरांना खोटे क्रांतिकारक ठरवलं, कोन-बेंदितला 'जर्मन अराजकवादी' म्हटलं. गाव आणि विद्यापीठ यांचं जमत नव्हतं हे मी एकटा म्हणत नाही.

कुंपणावरची
दोघांनाही थोडं थोडं. मी तिथे दोन वर्षं शिकले (२००९ ते २०११), त्यामुळे तोंड उघडते.

आडवाट, 'संध्याकाळी परत जात' हे सगळ्यांना लागू नाही. वसतिगृहात राहणारे होते, आणि त्यातले काही वस्तीत साक्षरतेचे वर्ग घ्यायला जात. थोडेच होते, पण होते. उलट बाजूने, उलटतपासणी, वस्तीची खरी नोंद विद्यापीठाने नाही ठेवली. मोनिक एर्व्हो नावाची बाई १९५९ पासून ला फोलीत झोपडी करून राहिली, वस्ती पाडेपर्यंत, बारा वर्षं. तिचे फोटो आणि टिपणं नसती तर आज आपण दोघा-तिघांनी कशावरून भांडलो असतो? ते साहित्य आज समकालीन इतिहासाच्या 'ला काँताँपोरेन' या ग्रंथालयात आहे, आणि ते ग्रंथालय कुठे? विद्यापीठाच्या दारात. त्यामुळे 'गाव विरुद्ध विद्यापीठ' ही तुमची रेघ मला तिथे चालताना कधी नीट दिसली नाही.

दिसली ती वेगळी रेघ. एका बाजूला ला देफाँस या कार्यालयांच्या भागाचे काचेचे मनोरे, दुसऱ्या बाजूला वास्तुकार एमिल आयोचे ढगांच्या रंगाचे गोल मनोरे, थेंबासारख्या खिडक्यांचे. आयोच्या मनोऱ्यांत लोक राहतात, काचेच्या मनोऱ्यांत कामाला येतात. मध्ये आम्ही, झेरॉक्सच्या रांगेत.

मागचा_बाक
मला मे ६८ चं कौतुक ऐकून कंटाळा आलाय, म्हणून कडू लिहितो. अधिष्ठाता पिएर ग्रापँ हे महायुद्धात नाझींविरुद्धच्या भूमिगत लढ्यात होते, आणि त्यांनाच पोरांनी 'नाझी' म्हणून हिणवलं. पुढे अधिष्ठाता म्हणून पॉल रिकर आले. साधा, संवादावर विश्वास असलेला तत्त्वज्ञ. सॉर्बोन सोडून स्वतःहून नाँतेरला गेलेला. १९७० च्या जानेवारीत त्यांच्या डोक्यावर कचऱ्याचा डबा उपडा केला. दोन महिन्यांत त्यांनी राजीनामा दिला. हा इतिहास धाग्यात कुणी का काढत नाही?

उलटतपासणी
@मागचा_बाक, काढलात ते बरं झालं, त्याचं समर्थन कुणीच करणार नाही. पण डबा टाकणारे मूठभर होते, आणि त्या मार्चमध्ये कॅम्पसवर पोलीस घुसले तेही लिहा की.

शिवाय या विद्यापीठाने काय काय घडवलं बघा. पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले सार्कोझी इथेच कायदा शिकले, आणि २००७ च्या प्रचारात म्हणाले मे ६८ चा वारसा निकालात काढायचाय. माक्राँ, तेही पुढे राष्ट्राध्यक्ष, इथे तत्त्वज्ञान शिकले. २०२१ मध्ये १७ ऑक्टोबरच्या गुन्ह्यांना 'अक्षम्य' म्हणाले ते तेच. आडवाट, तुमची रात्र आणि माझं विद्यापीठ एकाच माणसात भेटले, आता काय म्हणता?

आडवाट
म्हणतो की साठ वर्षं लागली. आणि त्या निवेदनात दोष पापोंच्या अधिकाराखालच्या कृत्यांवर ठेवला, सरकारवर नाही. शब्द मोजून वापरलेत, वाचा एकदा.

मागचा_बाक
आणि २०२३ च्या जूनमध्ये सतरा वर्षांच्या मुलाला पोलिसाने गाडीत गोळी घातली ती नाँतेरमध्येच. तेव्हा देशभर जाळपोळ झाली. बातम्यांत ६८ आठवलं कुणाला? इथे मी आडवाट यांच्या बाजूला. हे कबूल करताना वाईट वाटलं, पण आहे.

उंबरठा
उशिरा आलो. कुणीच मुळाला हात घातला नाही. पाचव्या शतकातली संत जनव्हिएव्ह नाँतेरची. ४५१ मध्ये हूणांचा राजा अटिला चालून येतोय म्हणून पॅरिस रिकामं व्हायला निघालं होतं, तेव्हा तिने लोकांना थांबवलं अशी कथा. पुढे ती पॅरिसची रक्षणकर्ती संत झाली. पॅरिसमध्ये जिथे तिला पुरलं त्या टेकडीला तिचं नाव पडलं, आणि त्याच टेकडीच्या अंगाखांद्यावर सॉर्बोन वाढलं. म्हणजे नाँतेरची पोर आधी लॅटिन क्वार्टरला, म्हणजे सॉर्बोनच्या परिसरात, गेली, विद्यापीठ नाँतेरला यायला नंतर पंधराशे वर्षं लागली.

तोंडीलावणं
ब्रियोशच्या आधीचं! मान्य.

आडवाट
उंबरठा, हे सुंदर आहे, पण माझाच मुद्दा पक्का करतं. गावातलं जे मोठं होतं ते पॅरिसच्या नावावर जमा होतं. नावांचंच बघा. ६८ ला विद्यार्थी उतरायचे त्या थांब्याचं नाव होतं 'ला फोली – विद्यापीठ संकुल'. फोली म्हणजे वेड, त्यावर पोरांनी विनोद केले असणारच. पुढे स्टेशन झालं 'नाँतेर-विद्यापीठ'. वस्ती १९७१ मध्ये पाडली, लोक तात्पुरत्या म्हटलेल्या वसाहतींत गेले, त्यांतल्या काही ऐंशीच्या दशकापर्यंत तात्पुरत्याच राहिल्या. आणि पाटीवरून ला फोली गेलं.

कुंपणावरची
नाही गेलं. मे २०२४ पासून उपनगरी रेल्वेची ई मार्गिका पश्चिमेला वाढवली, तिच्या शेवटच्या स्टेशनचं नाव 'नाँतेर-ला फोली'.

आडवाट
हे माहीत नव्हतं. पाटीखाली वस्तीबद्दल काही लिहिलंय का?

कुंपणावरची
डिसेंबरमध्ये जाणार आहे, बघून सांगते.