वार्ताहर की बातमीदार? वेब मिलर यांच्या निमित्ताने

मूळ प्रश्न

वेब मिलर या अमेरिकन पत्रकारावर एक छोटा चरित्रलेख लिहायला घेतला आहे आणि पहिल्याच वाक्यात गाडी अडली आहे. 'वेब मिलर हे युनायटेड प्रेस या वृत्तसंस्थेचे…' याच्यापुढे काय लिहू? वार्ताहर, बातमीदार, प्रतिनिधी की नुसतं पत्रकार?

ज्यांना हे नाव नवीन आहे त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. जन्म १८९१चा, मिशिगन राज्यातल्या पोकेगन या खेड्यातला. शिकागोच्या वर्तमानपत्रात उमेदवारी केली. १९१६ मध्ये पांचो व्हिया या मेक्सिकन बंडखोराचा पाठलाग करत जनरल पर्शिंगची अमेरिकी फौज मेक्सिकोत घुसली, तेव्हा त्या मोहिमेच्या बातम्या पाठवल्या आणि तिथून युनायटेड प्रेसशी नातं जुळलं ते कायमचं. पहिलं महायुद्ध, इटलीची इथिओपियावरची चढाई, स्पेनचं यादवी युद्ध, फिनलंड हे सगळं त्यांनी जागेवर जाऊन पाहिलं. मे १९४० मध्ये लंडनला काळोखबंदीच्या रात्री चालत्या आगगाडीतून पडून ते गेले. वय अवघं ४९.

पण मला त्यांच्याकडे नेलं ते गुजरातेतल्या धारासनाने. २१ मे १९३० रोजी तिथल्या मिठाच्या सत्याग्रहात पोलिसांनी नि:शस्त्र सत्याग्रहींना जी मारहाण केली, ती जगाला कळली ती मुख्यतः या माणसामुळे. त्यांची बातमी जगभरच्या १३५० वर्तमानपत्रांत छापून आली आणि सेनेटर ब्लेन यांनी ती अमेरिकेच्या सेनेटच्या कामकाजात नोंदवून घेतली. अशा माणसाला कोणता शब्द शोभेल?

सांगलीहून, संस्कृतच्या शिक्षिका

'वार्ताहर' शुद्ध संस्कृत आहे. 'हृ' म्हणजे नेणे, वाहून नेणे. वार्ता इकडून तिकडे नेणारा तो वार्ताहर, म्हणजे मुळात निरोप्या. त्याने ती वार्ता स्वतः पाहिलेली असावी असं या शब्दात कुठेही नाही.

'बातमीदार'मधला 'दार' फारसी. जमीनदार, दुकानदार, ठाणेदार यांच्यातला. ज्याच्याकडे ती गोष्ट आहे, ज्याच्या ताब्यात आहे, तो. 'जबाबदार'मध्येही हाच 'दार' आहे, हे मला वर्गात सांगायला फार आवडतं. मुलं एकदम वर बघतात.

एक विनंती. परदेशी माणसाला आपण मराठीत सर्रास एकेरीवर आणतो. तुम्ही 'ते' लिहिलंत, लेखातही तसंच ठेवा.

नाशिकहून, निवृत्त उपसंपादक

ताईंची व्युत्पत्ती बरोबर आहे, पण वर्तमानपत्राच्या कचेरीत या शब्दांना वेगळाच अर्थ चिकटला आहे. मी तीस वर्षं डेस्कवर काढली. 'प्रतिनिधी, मुंबई' अशी ओळ असेल तर तो पगारी माणूस. 'वार्ताहर, सटाणा' अशी असेल तर तो तालुक्याचा, मानधनावरचा. दिवसा दुकान किंवा शाळा सांभाळणारा आणि संध्याकाळी बातमी पाठवणारा. एकाच पानावर दोन शब्द आणि दोघांच्या मिळकतीत जमीन-अस्मानाचा फरक. पुरात, अपघातात पहिला पोचणारा बहुतेक वेळा वार्ताहरच असायचा, म्हणून त्या शब्दाला कुणी निरोप्या म्हटलं की मला लागतं.

'बातमीदार' हा आम्ही आपसात वापरायचा शब्द. 'चांगला बातमीदार आहे' ही कचेरीतली सगळ्यात मोठी शाबासकी. 'चांगला पत्रकार आहे' असं व्यासपीठावर म्हणतात. पेशवाईच्या कागदांत बातमीदार म्हणजे जवळजवळ हेर. शत्रूच्या मुलखात राहून घोडी किती, दाणागोटा किती, मोजून कळवणारा. निरोप पोचवायला जासूद असायचे, ते काम वेगळं. हा मोजण्याचा गुण लक्षात घ्या. मिलर यांनी धारासनाला काय केलं? मारहाण थांबल्यावर ते तात्पुरत्या इस्पितळात गेले आणि जखमी मोजले. ३२० भरले. बरेच बेशुद्ध, कवट्या फुटलेले. दोघे दगावले होते. हा आकडा कुणी त्यांच्या हाती दिलेला नव्हता. माझं मत बातमीदार.

आणि त्यांच्या तारा मुंबईतून पुढे जाऊ दिल्या जात नव्हत्या. ही अडवणूक जगापुढे मांडीन, असं त्यांनी बजावल्यावरच त्या सुटल्या. बातमी मिळवणं आणि बातमी बाहेर काढणं, दोन्ही त्यात आलं.

वेंगुर्ल्याहून

तुमच्या लेखात 'मिठाचा कारखाना' येणार असेल तर कृपा करून तो काढा. आमच्या शिरोड्याला त्याच १९३०च्या मे महिन्यात सत्याग्रह झाला तो मिठागरावर. मीठ पिकतं. खाऱ्या पाण्याचे वाफे, बांध, उन्हाने आटणारं पाणी, वर येणारा पांढरा थर. ते आगर असतं. गुजरातीतही मीठ पिकवणाऱ्याला अगरिया म्हणतात, म्हणजे धारासनालाही हाच शब्द शोभेल. 'कारखाना' म्हटलं की वाचकाला भिंती आणि धुराडं दिसतं, आणि सत्याग्रही खंदक ओलांडून तारेच्या कुंपणाशी कसे गेले ते दिसतच नाही.

नाशिकहून, पुन्हा

वेंगुर्लेकरांचा मुद्दा एकदम मान्य. त्याला जोडून 'लाठीमार'बद्दल सांगतो, कारण तो तुमच्या लेखात येणारच. 'पोलिसांनी सौम्य लाठीमार केला' हे वाक्य मी स्वतः शेकडो वेळा पानात सोडलं आहे. पोलिसांच्या पत्रकातून ते जसंच्या तसं यायचं आणि रात्री अकराला हातात वेळ नसायचा. लाठीमार सौम्य होता हे मारणाऱ्याने ठरवलेलं असतं. मिलर यांनी लाठीला पोलादी टोक होतं हे लिहिलं आणि उघड्या डोक्यांवर ती बसल्याचा आवाज लिहिला. त्यांच्या वाक्यात विशेषण शोधावं लागतं, नाम आणि क्रियापद मात्र ठसठशीत असतं. तुम्ही 'अमानुष लाठीमार' असंही लिहू नका. लाठी कशी होती, कुठे बसली, एवढं लिहा.

सांगलीहून

'कारकीर्द' वापरणार असाल तर बिनदिक्कत वापरा. पेशव्यांची असते, मुख्यमंत्र्यांची असते, म्हणून ती सत्तेशी बांधलेली वाटते. पण मूळ फारसीत अर्थ केलेलं काम एवढाच आहे. 'करिअर'पेक्षा कितीतरी भरदार.

मूळ प्रश्नकर्ता

सगळ्यांचे मनापासून आभार. 'युनायटेड प्रेसचे बातमीदार' असं लिहितो, आणि नाशिकच्या काकांचा वार्ताहरांबद्दलचा शब्दही मनात ठेवतो. मिठागर नक्की.

आता शेवटची अडचण. ५ मेला गांधीजींना अटक झालेली होती, धारासनाला नेतृत्व सरोजिनी नायडूंचं. मार चुकवायलासुद्धा हात उचलायचा नाही, असं त्यांनी सत्याग्रहींना सांगितलं होतं. मिलर लिहितात की एकानेही वार अडवायला हात उचलला नाही, माणसं टेनपिन्ससारखी पडली. मी केलेलं भाषांतर: 'एकानेही हात वर केला नाही. लगोरीसारखे सगळे कोसळले.' वाचताना काहीतरी खटकतं.

वेंगुर्ल्याहून

लगोरी एका फटक्यात ढासळते. इथे एकेक माणूस पडत होता आणि मागचा त्याच्या जागी येत होता. टेनपिन्स हा बोलिंगचा खेळ त्यांच्या वाचकाच्या घरचा, आपल्या नाही. उपमा सोडून दिली तरी चालेल.

सांगलीहून

खटकतंय ते पहिल्या वाक्यात. मराठीत 'हात वर करणे' म्हणजे अंग काढून घेणे. बँकेने हात वर केले, विमा कंपनीने हात वर केले, असं आपण म्हणतो. जे लोक डोकं फुटेपर्यंत जागचे हलले नाहीत त्यांच्या वाक्यात ही छटा डोकावता कामा नये. आपल्याकडे यासाठी नेमका शब्दप्रयोग आहे. मारणाऱ्यापुढे माणूस हात आडवा धरतो. लहान मूलही धरतं, कुणी शिकवावं लागत नाही.

मूळ प्रश्नकर्ता

हेच हवं होतं. वाक्य आता असं केलं आहे: 'लाठी अडवायला एकानेही हात आडवा धरला नाही. एक पडला की मागचा पुढे यायचा, तोही पडायचा.'